हवालदारांची अडवायची जागा

रस्ता अडवायचा तर सावली बघून अडवावा, असं मानणारा माझ्या माहितीत एकच माणूस होऊन गेला. खडकाळवाडीचे हवालदार. त्यांना नाव होतं, आडनावही होतं, पण माण तालुक्याच्या त्या टोकाला नुसतं 'हवालदार' म्हटलं की दुसरं कुणी कुणाच्या डोळ्यांसमोर येत नसे. खुद्द पोलीस चौकीतल्या हवालदाराला लोक 'जमादार' म्हणायचे. घोटाळा नको, एवढंच त्यामागचं कारण.

मी तेव्हा म्हसवडच्या कॉलेजात इतिहास शिकवत होतो आणि घर सांगलीला होतं. शनिवारी जायचं, सोमवारी यायचं. नव्वदच्या दशकात हा प्रवास करणाऱ्याला रास्ता रोको काही नवा नव्हता. उसाच्या दरासाठी अडवत, विजेसाठी अडवत, पाण्यासाठी तर फारच अडवत. बहुतेक ठिकाणी रीत एकच. पेटलेला टायर, आडव्या टाकलेल्या बाभळीच्या फांद्या आणि डांबर वितळेल अशा उन्हात उभ्या केलेल्या गाड्या. आत लेकरं रडताहेत, बाहेर घोषणा चालू आहेत. आपली सहानुभूती नक्की कुणाला आहे हे अशा वेळी प्रवाशाला आठवत नाही. मी तर पुस्तकात चळवळींची बाजू घेऊन शिकवणारा माणूस, पण एसटीत घामाघूम बसलो की माझे विचार थेट कलेक्टरच्या बाजूला जायचे.

खडकाळवाडीच्या फाट्यावर मी पहिल्यांदा अडकलो तो एप्रिल महिना होता. गाडी थांबली. कंडक्टरनं पिशवी मांडीवर घेतली आणि जाहीर केलं, "रास्ता रोको हाय. उतरायचं तर उतरा, बसायचं तर बसा." फाट्यावर रस्त्याच्या दोन्ही अंगांना संस्थानी काळातले जुने वड होते आणि त्यांच्या सावलीत गाव बसलं होतं. पुढे कमरेला धोतर, पायात फौजेतले बूट आणि गळ्यात शिट्टी अशा थाटात एक उंच म्हातारा गाड्यांच्या रांगेतून हिंडत होता. आमच्या पुढच्या ट्रकच्या दारावर त्यानं थाप मारली.

"ए ट्रकवाल्या, म्होरं घे जरा. मागं एष्टीत लेकरंबाळं हायती. एष्टीला सावली लागू दे."

"आडवलंय ते आडवलंय, वर हुकूम कशाला सोडतोस?" ट्रकवाला म्हणाला.

"आडवलंय म्हणूनच सांगतोय, गड्या. आज तू पावना हायस माजा."

ट्रक पुढे सरकला. आमच्या गाडीवर सावली आली. पाठोपाठ डोक्यावर घागर घेतलेली एक तरुण बाई खिडक्यांशी येऊन प्रत्येकाला तांब्याने पाणी देऊ लागली. ती हवालदारांची सून शालन. मी पाणी प्यालो, थंड होतं, आणि सवयीने आणखी मागितलं. तिने दिलं. ते पाणी टँकरचं होतं हे मला नंतर कळलं. ज्या गावात दोन दिवसांआड टँकर येतो, त्या गावाने पाणी मागण्यासाठी रस्ता अडवला होता आणि अडवलेल्यांना स्वतःच्या वाट्याचं पाणी पाजत होतं.

हा हवालदारांचा नियम होता. घरटी एक घागर बाजूला निघाल्याशिवाय रास्ता रोको करायचा नाही. ज्याच्या घरातून घागर येणार नाही त्याने घोषणाही द्यायची नाही. एकदा गावातल्या एका तालेवार माणसाने घागरीऐवजी भाषण आणलं, तेव्हा हवालदारांनी शिट्टी वाजवून त्याला खाली बसवलं होतं.

त्यांचं म्हणणं साधं होतं. गावाच्या वरच्या अंगाला एक तलाव होता, तो वर्षातले आठ महिने गुरांना चरायला उपयोगी पडायचा. लांबून येणाऱ्या कालव्याची एक फाट त्या तलावापर्यंत आणायचं सरकारने कधीतरी कबूल केलं होतं. फाट आली की तलाव भरणार, तलाव भरला की खालच्या विहिरींना पाणी येणार. हवालदारांनी रस्ता अडवला की तहसीलदारांची जीप यायची, वाटाघाटी व्हायच्या, आणि पुढच्या काही महिन्यांत कालव्याचं खोदकाम थोडं पुढे सरकायचं. मग पुन्हा थांबायचं. हवालदार पुन्हा शिट्टी शोधायचे.

त्या पहिल्या दिवशी जीप येऊन गेल्यावर त्यांनी गाड्या सोडल्या. एसटी आधी, मग दुधाची गाडी, मग ट्रक. आमच्या खिडकीशी येऊन त्यांनी विचारलं, "सर दिसताय. काय शिकवता?"

"इतिहास."

"मग फुडच्या बारीला उतरा की खाली. आत बसून काय दिसणार?"

पुढच्या वेळी मी उतरलो. त्यानंतर सोमवारची गाडी खडकाळवाडीला सोडून दुपारच्या गाडीने पुढे जायचं, असं अधूनमधून होऊ लागलं. कॉलेजात माझ्या दुपारच्या तासांची वेळ बदलून घेतली. कारण विचारलं तेव्हा मी पित्ताचा त्रास सांगितला.

हवालदारांची नोकरी फौजेच्या रस्ते बांधणाऱ्या पलटणीत गेली होती. उत्तरेच्या सरहद्दीवर सुरुंग लावून डोंगर फोडायचे आणि गाडी जाईल एवढी वाट काढायची, हे त्यांचं काम. बासष्टच्या लढाईनंतर या कामाला एकदम जोर आला. ते त्याविषयी वीरश्रीने कधी बोलत नसत. "त्यांच्याकडं रस्ता हुता, आमच्याकडं पायवाट हुती. आमी पोचलो तवा दमलो हुतो, ते पोचले तवा जेवून आले हुते," एवढंच सांगायचे. सावलीचा नियमही त्यांनी तिकडूनच आणला होता. एकदा सुरुंगासाठी त्यांनी झेंडी दाखवून गाड्यांची रांग उघड्याबोडक्या उतारावर थांबवली. दरड अपेक्षेपेक्षा जास्त कोसळली आणि दिवस गेला तरी रस्ता मोकळा होईना. ऊन तापलं. एक ड्रायव्हर तहानेने रेडिएटरचं पाणी काढून प्याला, गाडीचं इंजिन बसलं आणि मग दरड हटली तरी ती गाडी हलेना. "मुल्कातल्या झाडून सगळ्या भाषांतल्या शिव्या त्या दिवशी मला कळल्या," हवालदार सांगायचे. "तवाच ठरवलं. माणसाला थांबवायचं आसंल तर सावलीत थांबवायचं. तहानलेला माणूस कवाच आपल्या बाजूचा हुत न्हाई." म्हणजे यात दयाबुद्धी होती असं समजायचं कारण नाही. त्यांना प्रवासी आपल्या बाजूला हवे होते.

इतिहासाविषयी त्यांचं मत ठाम होतं, आणि माझ्या विषयाबद्दल अनादराचं होतं. जगाचा इतिहास म्हणजे कुणी कुठे रस्ता केला आणि कुणी तो अडवला, एवढाच. राजे, तह आणि तारखा यांना ते 'कडेचे दगड' म्हणत. "रस्त्यानं आधी तोफ जाती, सर. तिच्या मागनं किराणा. किराण्याच्या मागनं शाळा, आन् शाळेच्या मागनं पुढारी." त्यांनी हे पाहिलं होतं. त्यांनीच काढलेल्या रस्त्याने पुढे त्या डोंगरातली माणसं खाली येऊ लागली आणि थंडीत सांगलीच्या बाजारात स्वेटर विकायला बसू लागली. त्यांच्यातल्या एका बाईशी हवालदार मोडक्या हिंदीत तासभर बोलत बसले होते आणि येताना नको असलेला स्वेटर घेऊन आले होते. तो हिरवा स्वेटर ते माणच्या थंडीत, म्हणजे वर्षातले थोडेच दिवस, पण फार अभिमानाने घालायचे.

मी त्यांचं सगळं ऐकून घेत होतो असं नाही. आपल्याकडचा एकूण एक घाट इंग्रजांनी तोफेसाठी फोडला, असं त्यांनी एकदा ठोकून दिलं, तेव्हा मी त्यांना वंजाऱ्यांच्या बैलतांड्यांविषयी सांगितलं. तोफांच्या कितीतरी आधी कोकणातलं मीठ घेऊन बैल हे घाट चढत होते. हवालदारांना हरायची सवय नव्हती. पुढचे काही सोमवार ते माझ्याशी फक्त हवापाण्याविषयी बोलले. मग एक दिवस चहाचा कप खाली ठेवून म्हणाले, "त्या बैलांना कुणीतरी आडवून जकात घेतच आसंल की." घेतच होते. घाटावरचे किल्ले दुसरं काय करत होते? मी तसं कबूल केल्यावर त्यांनी शालनला आणखी चहा टाकायला सांगितलं.

अडवणं त्यांच्या घराण्यातच होतं. बेचाळीस साली त्यांच्या वडिलांनी याच फाट्यावर वड पाडून पोलिसांची लॉरी अडवली होती. वडांच्या ओळीत ती एक जागा रिकामी होती आणि तिथे दुपारी उन्हाचा पट्टा पडायचा. रास्ता रोकोच्या वेळी हवालदार स्वतः त्या पट्ट्यात उभे राहायचे. "बापानं पाडलंय, त्याचं ऊन म्याच खायचं," असं एकदा म्हणाले होते. त्यात दुःख नव्हतं, हिशोब होता.

गावात त्यांचं सगळ्यांशी बरं होतं असं मात्र मुळीच नाही. स्वभाव हेकट. बोलणं तोडून टाकणारं. सरपंचांशी तर बांधावरून दोन पिढ्यांचं वैर होतं आणि दोघे एकमेकांशी बोलत नसत. पण आंदोलन दोघांचंही होतं. त्यामुळे शेजारी शेजारी बसून हवालदार शालनला म्हणायचे, "सरपंचांना सांग, टोपी घाला, ऊन लागंल." आणि सरपंच तिलाच म्हणायचे, "हवालदारांना सांग, टोपी घरी ऱ्हायली." शालन दोघांकडे बघून हसू दाबायची. तहसीलदार नवे असले की त्यांना वाटायचं, ही बाई दुभाषी आहे.

त्यांच्या रास्ता रोकोत काही गाड्यांना मोकळीक असायची. दवाखान्याची गाडी, परीक्षेची पोरं, धनगरांची मेंढरं आणि लग्नाची वरात. ही शेवटची सूट कळल्यावर ट्रकवाले हुशार झाले. एका वैशाखात एक ट्रकवाला चक्क मुंडावळ्या बांधून आला. हवालदारांनी केबिनमध्ये डोकं घातलं आणि गंभीरपणे विचारलं, "नवरीचं नाव काय?" तो अडखळला. "गाव?" तेही येईना. "आरं, बिननावाची नवरी करायला निघालास व्हय? थांब, सावलीत बस, नाव आठवंस्तोवर." तो माणूस मुंडावळ्यांसकट वडाखाली बसला, पाणी प्याला, आणि जाताना घोषणाही देऊन गेला.

मग तो अपघात झाला. रस्ता गावाच्या मधून जायचा. एका अंगाला घरं, दुसऱ्या अंगाला शाळा. सरपंचांची नात नंदा शाळा सुटल्यावर घराकडे येताना ट्रकखाली सापडली. जीव वाचला, पण एका पायाचं फार नुकसान झालं. मिरजेच्या दवाखान्यात ती बरेच महिने होती. गावाने ठरवलं, रस्ता गावाबाहेरून गेला पाहिजे. आणि नेहमी चालढकल करणारं सरकार या कामात कसं कोण जाणे, पटकन हललं. मोजणीची माणसं आली, खुंट्या रोवल्या गेल्या. बाह्यवळणाची रेघ हवालदारांच्या मळ्यातून गेली. त्यांची बाकीची जमीन माळरानच होती. काळी माती म्हणावी असा तो एवढाच तुकडा.

हवालदार नाही म्हणणार, हे गावाने धरलंच होतं. वैर सरपंचांशी आणि गरज सरपंचांची. कोर्टात गेले असते तर वर्षानुवर्षं काम अडलं असतं, आणि अडवण्यात त्यांचा हात कोण धरणार? पण अडचण जमिनीची नाही, हे मला ठाऊक होतं. फाट्यावरच्या वडाखाली बसून त्यांनी मला ते समजावून सांगितलं होतं.

"सर, रस्ता गावातनं जातोय तवर सरकारला आमच्या दारावरनं जावं लागतंय. आमी आडवलं की त्यास्नी थांबावं लागतंय. रस्ता भाईर गेला की आमी नकाशात ऱ्हानार, पन कुणाच्या वाटंत न्हाई. मग कालवा कशाला फिरकतोय हिकडं?"

मी म्हणालो, बाह्यवळणावर अडवा.

"ते भराव टाकून उंचावर करत्यात. झाड न्हाई, आडोसा न्हाई. तितं माणूस कसा थांबवायचा?"

त्यांनी ते इतक्या साधेपणाने म्हटलं की मला त्यांचा राग आला. सगळी चळवळ एका नियमापायी सोडायची? नियम तुमचाच आहे, मोडा. ते माझ्याकडे बघत राहिले, जणू मी त्यांना धोतराशिवाय गावातून चालायला सांगितलं होतं.

मी त्यांच्या सोप्यात बसलेलो असताना सरपंच आले. उंबऱ्याबाहेरच उभे राहिले. शालन दारात होती. हवालदार तिला म्हणाले, "सरपंचांना सांग, आत या. चा घ्या."

सरपंच आत आले नाहीत. तिच्याकडे बघूनच बोलले. "हवालदारांना सांग, नंदी काल पायावर उभी ऱ्हायली. कुबडी घेऊन. घराच्या दारापातूर आली. रस्ता बगितला आन् माघारी गेली."

शालनने सासऱ्यांकडे पाहिलं. तिला सांगायची गरजच नव्हती. हवालदारांनी स्वतःच्या बुटांकडे पाहिलं. मग दोन पिढ्यांत पहिल्यांदा या घरातला माणूस त्या घरातल्या माणसाशी थेट बोलला.

"घे," ते म्हणाले. "कर रस्ता."

सरपंचांनी हात जोडले. हवालदारांनी तोंड फिरवलं आणि शालनला चहाचं विचारलं. सरपंच गेल्यावर मी कालव्याचा विषय काढला. काढायला नको होता. "तुमी पोरीचा पाय बगितला न्हाई, सर," एवढंच बोलले. मी खरोखर पाहिला नव्हता. पण तलाव कोरडा राहणार हे त्यांना त्या क्षणी पुरतं माहीत होतं, आणि माहीत असून त्यांनी 'घे' म्हटलं. इतिहास शिकवताना मी असे निर्णय पुष्कळ सांगितले आहेत. समोर बसून एकच पाहिला.

बाह्यवळण झालं. मुलं बिनघोर शाळेत जाऊ लागली. फाट्यावरचं चहाचं दुकान बंद पडलं, पंक्चरवाला दिघंचीकडे निघून गेला, आणि वडांची सावली मोकळ्या डांबरावर पडून राहू लागली. गावातून आता साधी एसटी तेवढी जायची, जलद गाड्या बाहेरूनच. हवालदार म्हणाले तसंच झालं. कालव्याचं खोदकाम दोन गावं अलीकडे थांबलं ते थांबलंच. पत्रांना उत्तरं यायची बंद झाली. तहसीलदारांची जीप भरावावरून सरळ पुढे जाताना लांबून दिसायची.

तरुण पोरांना हे सहन होईना. भर उन्हाळ्यात बाह्यवळण अडवायचं त्यांनी ठरवलं आणि हवालदारांकडे शिट्टी मागायला आली. त्यांनी शिट्टी दिली नाही आणि स्वतःही गेले नाहीत. पोरं नाही नाही ते बोलली. म्हातारा विकला गेला, सरपंचांच्या पंगतीला जाऊन बसला. पोरांनी टायर पेटवून भरावावर रस्ता अडवला. तासाभरात एसटीतल्या माणसांनीच त्यांच्यावर दगड उचलले. मग पोलीस आले आणि लाठ्या पडल्या. मार खाल्लेली पोरं गावात परतली तेव्हा हवालदार हळदीचं पातेलं घेऊन एकेकाच्या घरी गेले. त्यांच्या बाजूने काही बोलले नाहीत आणि विरोधातही नाही.

त्या पावसाळ्यात त्यांनी झाडं लावायला सुरुवात केली.

बाह्यवळणाच्या दोन्ही अंगांना, भरावाच्या खाली, कडुलिंबाची रोपं. पाण्याची बोंब असलेल्या गावात झाडं जगवायची म्हणजे वेडेपणाच. शालन चिडली. "आबा, माणसाला न्हाई पाणी, आन् झाडाला कुठनं आणताय?" त्यांनी स्वतःची आंघोळ झाडांना देऊन टाकली. म्हणजे आंघोळीचं पाणी डब्यांत भरून सायकलला लटकवायचे आणि स्वतः ओल्या फडक्याने अंग पुसायचे. हळूहळू शालनही भांड्यांचं पाणी राखून ठेवू लागली. पुढे सरपंचांच्या घरून धुण्याचं पाणी येऊ लागलं. उन्हाळ्यात मी गेलो की हवालदारांच्या शेजारी बसणं जरा अवघड असायचं, हे प्रेमापोटीसुद्धा लपवता येत नाही.

तालुक्यात त्यांचं नाव झालं. लढाऊ म्हातारा निवळला, निसर्गात रमला, असं लोक बोलू लागले. तालुक्याच्या कुणा मंडळाने त्यांना वृक्षप्रेमी म्हणून शाल आणि नारळ दिला. ज्या साहेबांच्या गाड्या ते पूर्वी अडवायचे त्यांच्यातल्याच एका साहेबांच्या हस्ते. साहेबांनी भाषणात सांगितलं की संघर्षाकडून सर्जनाकडे कसं जावं याचा हा आदर्श आहे. हवालदार उठले, माईक धरला आणि म्हणाले, "झाडं सावलीसाठी लावली. सावली कामाला येती." टाळ्या पडल्या.

मला त्यांच्यात झालेला हा बदल आवडला नव्हता, हे मी त्यांना समारंभाहून येताना बोलून दाखवलं. त्यांनी सायकल थांबवली. बाह्यवळणाचा जो भाग वळणाचा होता, जिथे गाड्यांना वेग कमी करावाच लागायचा, तिथे मला घेऊन गेले. मग मी नीट पाहिलं. झाडं सगळ्या रस्त्याला नव्हतीच. फक्त त्या वळणावर होती. पूर्वेच्या बाजूला दाट, कारण सकाळी ऊन तिकडून येतं. पश्चिमेला दुहेरी ओळ, कारण दुपार तिकडे कलते. मधे एके ठिकाणी ऐसपैस मोकळी जागा.

"एष्टी हितं थांबंल," ते म्हणाले. "ट्रक तितं मागं. बाया ह्या आंगाला बसतील, म्हंजी घागरी आणायला जवळ पडंल. गावाकडनं पायवाट सरळ येती." मग माझ्या चेहऱ्याकडे बघून म्हणाले, "सर, कुणाला सांगू नगा. ही झाडं न्हाईत. ही जागा हाय."

मला हसू आवरेना. आणि हसता हसता डोळ्यांत पाणी आलं, ते का ते मला तेव्हा कळलं नाही. गुडघाभर उंचीची ती रोपं होती. हा माणूस साठी ओलांडलेला.

"तुमच्या बापानं अडवायला झाड पाडलं," मी म्हणालो.

"व्हय. त्येला घाई हुती. मला न्हाई."

माझी बदली झाली आणि मी कायमचा सांगलीला आलो. पत्रं येत राहिली, शालनच्या हातची. झाडं छातीएवढी झाली, मग डोक्याच्या वर गेली. शेळ्यांनी काही खाल्ली, ती पुन्हा लावली. कालवा होता तिथेच आहे. मग एका पत्रात हवालदार गेल्याचं कळलं. छातीत दुखायला लागलं म्हणून जीपमध्ये घालून साताऱ्याला न्यायला निघाले, ते वाटेतच गेले. शालनने लिहिलं होतं की रस्ता मोकळा होता, जीप कुठेच थांबली नाही. मी ते पत्र पुष्कळ वेळा वाचलं. त्या दिवशी मी तासाला गेलो, पण काय शिकवलं ते आठवत नाही.

पुढचं दशक संपता संपता मला परीक्षेच्या कामासाठी म्हसवडला जायचा योग आला. पुन्हा एप्रिल. पुन्हा तीच सकाळची एसटी, पण आता ही जलद गाडी बाह्यवळणानेच जायची. मला डुलकी लागली होती. गाडी थांबली आणि कंडक्टर म्हणाला, "घ्या. रास्ता रोको." सगळ्या गाडीत चुकचुकाट झाला. माझ्या शेजारी जयसिंगपूरचे एक वयस्कर व्यापारी बसले होते, त्यांनी घड्याळ बघून कपाळाला हात लावला.

मी खिडकीतून हात बाहेर काढला. गरम लागलं नाही. वर पाहिलं तर लिंबाची पानं हलत होती आणि त्यांचा बारीक मोहोर खिडकीच्या गजावर पडत होता. पुढून शिट्टी वाजली. पाठोपाठ बाईचा आवाज आला.

"ए ट्रकवाल्या, म्होरं घे जरा! एष्टीला सावली लागू दे!"

शालन होती. केस पिकू लागले होते आणि गळ्यात ती जुनी शिट्टी. तिच्या मागे पायाने किंचित लंगडणारी एक उंच मुलगी कमरेवर घागर घेऊन खिडक्यांशी पाणी देत येत होती. सरपंचांचा चेहरा तिच्यात उतरला होता, म्हणून ती कोण हे विचारावं लागलं नाही. बायका बरोबर त्या अंगाला बसल्या होत्या. मार खाल्लेली पोरं आता बाप्ये झाली होती आणि ट्रकांची रांग लावत होती.

शालनने मला ओळखलं. "आवं सर, तुमी?" आणि मग, मी काही विचारायच्या आत, "आज सोडत न्हाई बगा त्यास्नी. कालवा कवा देता ते कागदावर घेणार, मगच शिट्टी. आबांनी जागा लय झ्याक करून ठेवलीय."

तासाभराने भरावावर धूळ उडवत तहसीलदारांची जीप आली आणि थांबली. तिला थांबावंच लागलं.

नंदाने खिडकीतून तांब्या दिला. पाणी थंड होतं. टँकरचंच असणार. माझे शेजारी मानेवरचा घाम पुसून वर झाडांकडे बघत होते. रागाने आखडलेला त्यांचा चेहरा जरा सैल झाला होता.

"नशीब म्हणायचं आपलं," ते मला म्हणाले. "एवढ्या उजाड मुलखात नेमकं सावलीत अडकलो."

मी तांब्या त्यांच्या हातात दिला.